नव्वद मेंढ्या

देवळाच्या उत्तर भिंतीवर कोरलंय:
एका नंदादीपासाठी नव्वद मेंढ्या,
न मरणाऱ्या, न म्हाताऱ्या होणाऱ्या.
म्हणजे एक गेली की कळपातलीच दुसरी उभी राहील,
आकडा हलणार नाही
चंद्रसूर्य असेतो.

सुडलैमुत्तूकडे आज अकरा आहेत.
एक लंगडी.
ऊन ताडांच्या शेंड्यावर आलं
की तो त्यांना त्याच भिंतीच्या सावलीला आणतो.
ती अक्षरं त्याला लागत नाहीत,
त्याच्या सातवीतल्या वडिवूलाही नाहीत,
तमिळच, पण वळणं कुणा दुसऱ्याच हातांची.
लंगडी मात्र रोज जीभ लावून बघते.
दगड खारट असावा.

आत गुरुक्कळ
गाभाऱ्याच्या किल्लीने तेलाची पिशवी फोडतात,
वात पुढे सारतात,
बोट शेंडीला पुसतात.
काल तेल नव्हतं.
रात्री दिवा होता की नव्हता
ते एक देवाला ठाऊक,
एक वटवाघळांना.

संध्याकाळी तळ्यापलीकडून
वडिवू ओरडते, "अकरा!"

बाप काठी खांद्यावर आडवी घेतो,
भिंतीकडे न बघता म्हणतो,
"नीट मोज."