पुकारा

पहिला पुकारा झाला तेव्हा मी जिन्याच्या खिडकीपाशी होतो.
लटारी सोमाजी खिरटकर.
शिपाई नवीन, आडनावात अडखळला.
मी छत्तीस वर्षं डाक वाटली.
या नावाची पहिली नोटीससुद्धा मीच नेली होती,
माझ्याच दाव्याची,
सही घेतली, आणि त्याच्याच माठातलं पाणी प्यालो.

लटारी खाली होता,
झेरॉक्सच्या टपरीला पाठ लावून.
मांडीवर खताची पिशवी, पिशवीत मोजणीचा नकाशा
आणि दोघांपुरती भाकर.
अकरा वर्षं आम्ही एकाच एसटीनं पांढरकवड्याला येतो
एकमेकांना खोटं पाडायला.
वाद दीड हात धुऱ्याचा,
आणि धुऱ्यावरच्या बिब्याचा, ज्याचं फळ
आमच्या दोघांच्याही बायका घरात येऊ देत नाहीत.
खालच्या कोर्टात मी जिंकलो. अपील त्याचं.

दुसरा पुकारा.
आधी त्याचे गुडघे गेले, मग कान,
मग फी थकली तेव्हा वकील.
तेव्हापासून नाव निघालं की मी इथून दुपट्टा हलवायचो,
तो खालून हात वर करायचा,
आणि मी शिपायाला म्हणायचो, थांबा, येऊन राहिला.
हे कुठल्याच रोजनाम्यात नाही.

आज दुपट्टा खांद्यावर होता.
राग नव्हता काही.
सकाळी त्यानंच मला खिडकीची जागा दिली होती.
हात खांद्यापर्यंत गेलासुद्धा,
आणि मी मान खाजवली.

तिसरा पुकारा.

अपीलकर्ता गैरहजर, साहेब म्हणाले, अपील खारीज.
आणि पुढची फाईल घेतली.
धुरा कोणाचा, ते नाही म्हणाले.
गुणदोषावर काही नाही, माझा वकील कुजबुजला,
तीस दिवसांत अर्ज टाकून सबळ कारण दाखवलं
तर अपील पुन्हा उभं राहतं.
पण दाखवतो कोण?
मी खिडकीकडे पाहिलं नाही.

खाली आलो तर माझी अर्धी भाकर
त्यानं नकाशाखाली झाकून ठेवलेली.
"आज लय उशीर लागला, पोस्टमन. निघालं काय नाव?"

तो ओठ वाचतो.
वकिलांच्या मिशीत त्याला काही सापडत नाही,
माझ्या तोंडाचं सगळं कळतं.
म्हणून मी मोठा घास भरला
आणि दोन्ही पंजे उघडले.
पुन्हा.
पुन्हा.

"तीस," तो म्हणाला. "तीस तारीख."
खिशातून घडी घातलेलं कॅलेंडरचं पान काढलं,
जानेवारी उलटला,
पेन्सिल जिभेवर ओली केली,
बोट एकेका रकान्यातून खाली नेत नेत
शेवटच्या ओळीवर थांबला.

"फेब्रुवारीले तीस कुठी असते, पोस्टमन?"

आणि माझ्या तोंडाकडे पाहत राहिला.
घास केव्हाच संपला होता.