एका पाटाचे दोघे

आब्रुत्सोच्या त्या खोऱ्यात लाल लसूण पिकतो.
एर्सिलियाच्या नि क्विंतिलिओच्या वावरांमधून
हातभर रुंदीचा एकच पाट जातो.
मंगळवारी मध्यरात्रीपासून तीनपर्यंत पाणी तिचं,
तीननंतर त्याचं.
तो पावणेतीनलाच आपली लोखंडी फळी उचलायचा.
एकतीस वर्षं.
ती काठावर कंदील घेऊन
त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार करायची,
आणि तो ठार बहिरा,
पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली.

लॅटिन शिकवून म्हातारे झालेले इप्पोलितो मास्तर
एकदा गुत्त्यात म्हणाले,
"रिवाले, रिवाले म्हणून बोटं मोडता,
पण त्या शब्दाच्या पोटात रिवुस आहे. ओहोळ.
एका ओहोळावर ज्यांची शेतं भिजतात
ते रिवालिस.
वैर त्यात मागाहून झिरपलं."

क्विंतिलिओनं पेला पालथा घातला.
"ओहोळ दुथडी वाहत असता, मास्तर,
तर हा शब्द लागलाच नसता कुणाला."

लसणाच्या वेण्या घालायला
त्या मोसमापुरती ठेवलेली मी,
कोपऱ्यात पाव मोडत ऐकत होते.
सगळे हसले. मला जमलं नाही.
माझ्या भाषेत तर भाऊ घेतला, बंध घेतला,
आणि त्यांची भाऊबंदकी केली आम्ही,
वीतभर बांधासाठी.

फेब्रुवारीत क्विंतिलिओ गेला.
मुलगा पेस्काराला, जहाजांच्या कंपनीत;
त्याला लसणाचा वासही सोसत नाही.
वावर पडीक.

आता रात्रभर पाणी एर्सिलियाचं.
पहिल्या मंगळवारी वाफे तुडुंब भरले,
लसूण पिवळा पडायला आला.
दुसऱ्या मंगळवारी ती काठावर नुसती बसून राहिली.
मी म्हटलं, चला, थंडी आहे.
ती म्हणाली, किती वाजले?

पावणेतीन.

उठली. आपली फळी खाली टाकली,
पाट ओलांडून त्याची उचलली.
गंज लागला होता, दोघींना जोर लावावा लागला.
पाणी वळलं,
गुडघाभर गवतात चाचपडत शिरलं.

मग कंदील खाली ठेवून
तिनं त्याला शिव्या दिल्या,
नावानिशी, बापाच्या नावासकट,
पंधरा मिनिटं, एकही न गाळता.

तीनला गप्प झाली.
तिथून पुढचं पाणी
त्याचंच होतं.