बेबी ज्योत्स्ना, वय वर्षे आठ

वृद्ध कलावंत मानधनाचा अर्ज
मी भरतेय त्यांच्या टेबलावर,
निवडायची मेथी थोडी बाजूला सारून.
नाव: द्वारका बाबुराव कोंडे.
"स्टेजवरचं लिही. द्वारकेला कोण ओळखतंय?"
बरं. कंसात बेबी ज्योत्स्ना.
जन्मतारीख?
बाई मेथीची काडी मोडतात.
"कुठली?"

वडिलांचं बोहरी आळीत स्टोव्हदुरुस्तीचं दुकान,
रात्री मेळ्यात पेटी.
गणपतीत एका रात्री चार चौक,
मंडई, कसबा, नाना पेठ, परत मंडई.
मधल्या वेळात सायकलच्या दांडीवर झोप.
उतरलं की तोंडावर पाणी, गालावर लाली,
आणि संत्र्यांच्या खोक्यावर उभं राहून
वकिलाची नक्कल, सुईणीची नक्कल,
शिंक अडकलेल्या मामलेदाराची नक्कल.
शेवटी पार मागच्या गच्चीतल्या बायका दचकतील
अशी एक किंकाळी,
आणि लगेच हसू.
'वन्समोअर'चा अर्थ बाराखडीच्या आधी कळला.

हँडबिलावर: वय वर्षे आठ.
पुढच्या गणपतीत: वय वर्षे आठ.
त्याच्या पुढच्याही.
शाळेत नाव घालताना वडिलांनी चार वर्षं कापली,
मिरजेच्या गाडीला अर्धं तिकीट पडतं म्हणून,
आणि 'बेबी'ला पूर्ण बिदागी.
बाराव्या वर्षी आई
जुन्या लुगड्याच्या पट्टीनं छाती आवळायची.
"श्वास वरच्या वर घ्यायचा. अजून तसाच घेते, बघ."
मी बघते.
खरंच.

रुप्याची सतरा पदकं रविवार पेठेत आटली,
त्यांतून वडिलांची नवी पेटी आली.
"सूर गोड होते हो तिचे,"
बाई म्हणतात, आणि पुढची जुडी सोडतात.

मग स्टुडिओ, एरंडवण्याच्या माळावर.
पहिल्याच शॉटला दिग्दर्शक ओरडला,
"बाई, मंडई इथून दोन मैल आहे,
कॅमेरा दीड हातावर. त्याच्याशी बोला!"
दीड हातावरून कसं बोलतात
हे घरातही कुणी शिकवलं नव्हतं.
शिकायला सहा सिनेमे गेले.
सातव्यात हिरोची आई.
ती बावीसची, हिरो चौतीसचा,
आणि तिच्या मांडीवर मरायला त्याला अकरा टेक लागले.
"पायाला मुंग्या आल्या गं. ते रडू खरं होतं.
पेपरात त्याचंच कौतुक."

म्हणजे आठनंतर एकदम पन्नास?
मधलं काय झालं?
"मधलं ना? मधलं डबिंग."
पाळण्यातली, जत्रेत हरवलेली, देवळाच्या पायरीवर टाकलेली,
पडद्यावर तेव्हा जेवढी तान्ही रडली
त्यातली निम्मी यांनी रडून दिली,
पदर तोंडाशी धरून, पोराला तीन रुपये.
स्वतःचं?
अर्जात तो रकाना नाही.
मीही विचारत नाही.

परवा मालिकेत आजी होत्या.
तिसऱ्या भागात वारल्या,
पुढचे दहा भाग भिंतीवर, हारात.
"फोटोचे पैसे देत नाहीत. विचारलं मी."

कागदावर वय सत्तावन्न.
मानधनाला साठ पूर्ण हवीत.
पुरावा काय लावू?
त्या आत जातात, लाडवाचा डबा आणतात.
डब्यात पाच हँडबिलं,
चव्वेचाळीसपासून अठ्ठेचाळीसपर्यंत,
गुलाबी, पिवळी, घड्यांवर फाटलेली,
पाचही वर्षांची बेबी ज्योत्स्ना,
पाचही ठिकाणी आठ.
"यातलं एक खरंय," बाई म्हणतात,
आणि बोटानं, थेट,
चव्वेचाळीसचं पुढे सरकवतात.

हे साहेब मानणार नाही, मी म्हणत नाही.
टाचणी शोधते.
"मूळ नको हं. झेरॉक्स लाव."

खालच्या मजल्यावर कुणाचं तरी बाळ रडायला लागतं.
त्याची आई धावते, बाटली, खुळखुळा,
सगळं वरपर्यंत ऐकू येतं.
बाई मान वर करत नाहीत.
"भूक नाहीये ती," मेथी खुडता खुडता म्हणतात,
"झोप आलीय त्याला.
शेवटचा सूर ऐक,
खाली येतोय."