ऐकून घेणे

गूलच्या जुन्या जकातघरात, वरच्या मजल्यावर,
आयोग बसतो मंगळवार ते शुक्रवार.
मी टंकते. जो जे बोलेल ते जसंच्या तसं,
खोकला वगळून.

चार वर्षांपूर्वी गोदीचा बारा नंबरचा पाणदरवाजा
उघडा राहिला,
ऊझ नदी रात्रीतून तळघरांत शिरली.
तीन माणसं.

पत्रंही मीच टंकते.
श्री. विल्फ्रिड ऑकरॉइड, वय एकसष्ट, रात्रपाळी.
अहवालात आपल्यावर टीका होण्याचा संभव आहे.
परिच्छेद शहाण्णव ते एकशे तीन सोबत जोडले आहेत.
उत्तर चौदा दिवसांत. मजकूर कुणालाही दाखवू नये.
त्याने फोन करून विचारलं, बायकोलाही?
मी नियम काढून पाहिला.
बायकोलाही.

मिरजेच्या शाळेत कुरणेबाई फळ्यावर लिहायच्या:
शिपायाने दार लावले नाही.
शिपायाला दार लावता आले नाही.
दार लागले नाही.
कर्ता शोधा.
तिसऱ्या वाक्यात कर्ता दारच निघायचं,
आणि आम्ही हसायचो,
दाराला शिक्षा करा, बाई, दाराला.

आज त्याची वकील उभी राहिली, मिस ओयेलारन,
नवीच असावी, फायलीवर अजून दुकानाची चिठ्ठी.
म्हणाली, परिच्छेद नव्याण्णव ज्या पानावर उभा आहे
ते पान माझ्या अशिलाने पाहिलेलंच नाही.
गोदीच्या कंपनीने त्यावर गोपनीय असा शिक्का मारलाय.
न पाहिलेल्या पानाला माणूस काय उत्तर देईल?

लेडी थ्रेलकेल्डनी चष्मा काढला.
पान द्या, म्हणाल्या. चौदा दिवस आजपासून पुन्हा मोजा.

तेव्हा पहिल्या रांगेतून ग्वेनेथ स्टॅनिफर्थ उठली.
बोलायची तिची पाळी नव्हती.
माझ्या बहिणीला, ती म्हणाली,
कुणी चौदा दिवस दिले होते?

कुणी तिला खाली बसा म्हटलं नाही.
कुणी उत्तरही दिलं नाही.
मी वाक्य टंकलं, पुढे प्रश्नचिन्ह,
आणि त्यानंतर जे झालं त्याला
माझ्या यंत्रात कळ नाही.

पान आलं. दोनशे चौदा. निळी शाई.
दोन चाळीस: पंपघराला फोन. उत्तर नाही.
दोन सत्तेचाळीस: पुन्हा.
ऑकरॉइड बराच वेळ बोट ठेवून वाचत राहिला.
अक्षर माझंच, म्हणाला.
मला वाटत होतं मी फोन केलाच नाही.
चार वर्षं तेच वाटत होतं.

पण तीन ते चार कोरं आहे,
आयोगाच्या वकिलाने मऊ आवाजात विचारलं.
हो, कोरं आहे.
का?
माहीत नाही, साहेब.

आमच्याकडे ऐकून घेणे याचे दोन अर्थ.
थोरल्याने घेतलं तर न्याय,
धाकट्याने घेतलं तर बोलणी.
ऑकरॉइडने चार वर्षं ऐकून घेतलं,
गल्लीत, चर्चच्या दारात, मासळीच्या दुकानात रांगेत,
आणि ज्यांनी ऐकून घ्यायचं
त्यांचं पत्र त्याला गेल्या महिन्यात आलं.

नव्या मसुद्यात नव्याण्णवमधलं एक क्रियापद बदललं.
एकच. मी ते मनात मराठी करून पाहिलं:
पहिलं वाक्य पुसून दुसरं लिहिलंय.
तिसऱ्यापर्यंत कुणी गेलं नाही, बरं झालं.
शंभर तसाच आहे, त्या कोऱ्या तासासकट.
अहवाल आता हिवाळ्यात.
ग्वेनेथला तारीख कळवणारं पत्र
मी दोनदा टंकलं, आणि दोन्ही वेळा
दिलगीर शब्द चुकला.

दुपारच्या सुटीत चहाच्या टेबलाशी
ती आणि तो, मध्ये किटली.
तिने साखरेचं भांडं सरकवलं,
त्याच्याकडे,
की नुसतंच स्वतःपासून दूर,
माझ्या जागेवरून नीट दिसलं नाही.

आणि ते टंकायचंही नव्हतं.