आकस

लेटरहेड जुनंच होतं. 'करवीर संस्थान' या शब्दांवर
पट्टी ठेवून मी लाल रेघ ओढायचो
आणि खाली टाइप करायचो: उद्यमनगर, कोल्हापूर, मुंबई राज्य.
पाचशे कागद शिल्लक. मगदूम मालक काटकसरी.
ओसाकाला गेलेलं आमचं पहिलं पत्र
असं एक राज्य खोडून गेलं.

दीड महिन्यानं उत्तर आलं, कांद्याच्या पापुद्र्यासारख्या कागदावर.
त्यांचं इंग्रजी माझ्याइतकंच अडखळतं,
दोघांनीही उसनं आणलेलं, तेही
ज्याला परत करायचं तो निघून गेल्यावर.
ऑइल इंजिनाचे पंप ते देणार,
परवाना आम्ही दिल्लीहून आणायचा.
सोबत नमुन्याला एक कॅलिपर,
जुन्या साठ्यातला असावा. दांड्यावर बारीक अक्षरं.

"काय लिवलंय?" सत्याप्पानं विचारलं.
"ताब्यातल्या जपानात बनवलेलं."
"कुणाच्या ताब्यातल्या?"
"अमेरिकेच्या. होता. आता सुटला."
"म्हंजे आमच्यागत," म्हणाला
आणि कॅलिपर कोपरीच्या खिशात टाकला.

सत्याप्पा चौगुले. लाकडाचे पॅटर्न करायचा, ओतकामाचे.
मराठा पलटणीतून इंफाळला गेला तेव्हा बोटं दहा होती.
आदल्या साली तहाची बातमी मीच त्याला वाचून दाखवलेली:
हिंदुस्थान नुकसानभरपाई मागणार नाही.
रंधा थांबला.
"कुणी सोडली?"
"आपण."
"लडाईला गेलो तवा राजाचा हुतो.
सोडायच्या वक्ताला आपण झालो, व्हय?"
मग पुन्हा रंधा. सागवानाच्या सालपटांचा
गुडघाभर ढीग झाला त्या दिवशी.

थंडीत निशिमुरा आला. मिरजेहून गाडी बदलून,
मांडीवर ब्रीफकेस, चष्म्यावर कोळशाची कणी.
फाउंड्रीच्या दारात त्यानं बूट काढले.
कुणीतरी धावत सांगायला गेलं, इथं पाय भाजतील,
तेव्हा पुन्हा घातले, नाडी बांधत बराच वेळ वाकून राहिला.

सत्याप्पा म्हणाला, "इचार त्याला, लडाईत कुठं हुता."
मी विचारलं, प्रवास कसा झाला?
निशिमुरानं सत्याप्पाच्या हाताकडे पाहिलं, मग माझ्याकडे.
म्हणाला, लांबचा झाला. परतलो तेव्हा घर जागेवर नव्हतं.
मी सत्याप्पाला सांगितलं:
लांबचा झाला म्हणतोय.

दोन देशांमध्ये त्या दिवशी मी एकटाच होतो
आणि दोन्हीकडून चोरी केली.
अजून वाटतं, बरं केलं. अजून खात्री नाही.

मग तो पॅटर्नपाशी गेला. सिलिंडर हेडचा, नुकता घासलेला.
डोळे मिटून कडेवरून अंगठा फिरवला,
एका जागी थांबला. सत्याप्पा उठून उभा राहिला.
त्या जागी एक गाठ होती, लाखेनं भरलेली,
मालकालासुद्धा कधी दिसली नव्हती.

"इचार," सत्याप्पा म्हणाला, "त्यांच्यात आकस किती सोडत्यात."
लोखंड थंड होताना आकसतं. म्हणून लाकूड
हव्या त्या मापाहून मोठं ठेवायचं. फुटाला एक सूत.
माझ्या वहीत त्याचा रकानाच होता, आकस,
आणि तो शब्द लिहिताना दर वेळी
शाळेतल्या मास्तरांनी सांगितलेला दुसरा अर्थ आठवायचा:
मनातली अढी.

हा प्रश्न मी जसाच्या तसा नेला.
निशिमुरानं अंगठा आणि तर्जनी जवळ आणली,
मधे ज्वारीच्या दाण्याएवढी फट.
सत्याप्पानं आपला तीन बोटांचा हात शेजारी धरला.
फट तेवढीच.
भट्टी ओतायची वेळ झाली होती, कुणी ओरडलं, दोघे बाजूला सरले.

अठरा पंप आले त्या साली.
दोन गळके निघाले.
तक्रारीचं पत्र मी जरा कडकच टाइप केलं,
रेघ न ओढता.
नवे कागद छापून आले होते.