मिशीचं माप

वडक्कांचेरीच्या रेल्वे फाटकापाशी माझं दुकान.
तीन खुर्च्या, त्यातली एक डगमगती,
आणि इट्टूपच्या सगळ्या मिशा माझ्या हातच्या.

पंचवीस वर्षं तो पडद्यावर वाईट होता.
मद्रासच्या गाडीत बसण्याआधी यायचा, म्हणायचा,
"सुगुणा, यावेळी तस्कर आहे, टोकं वर घे."
मळ्याचा मालक असला की जाड, ओठावर उतरलेली.
गावगुंडाला गालापर्यंत कल्ले.
व्रण तेवढा तिकडे डिंकाने चिकटवायचे.
कोणाला शिव्या घालायच्या ते लांबूनच कळायचं.
मासळीवाली रोसा त्याला मुद्दाम शिळी तारली द्यायची
आणि तो मुकाट घ्यायचा:
"काम पोचलं म्हणायचं."
शेवटच्या रिळात मरून
घरी येऊन गाईला पेंड घालायचा.

गेल्या वर्षी जिबिन आला, याच गल्लीतला पोरगा,
कोचीला सिनेमात लागलेला.
"खलनायक करतोय, चेट्टा."
मी वस्तरा पाजळला. टोकं वर?
"नको. तुमच्यासारखी ठेवा."

काम झालं तरी दुपारभर बसून राहिला.
मी टॉवेलच्या चार घड्या करत होतो,
कड कडेला लागेपर्यंत.
डबा आला. मीठ कमी होतं.
तंकमणीला फोन केला, आवाज चढवला नाही.
मी कधीच चढवत नाही.
मुलीच्या बंगळुरूच्या नोकरीचंही
त्याच फोनवर उरकलं:
नको म्हणजे नको, भल्याचंच सांगतोय.

ओणमला सिनेमा लागला. दोघं गेलो.
गोदाम नव्हतं, पिंपं नव्हती, सूटकेस नव्हती.
एक माणूस स्वयंपाकघराच्या दारात उभा,
टॉवेलच्या चार घड्या करत.
"भल्याचंच सांगतोय," म्हणाला, हळू.
थिएटरात कोणी शिवी घातली नाही.
शेजारी बांगड्या वाजल्या एकदा.
मी तिकडे पाहिलं नाही.

घरी येताना ती दोन पावलं पुढे चालत होती.

आज रोसाकडून तारली घेतली,
वास घेऊन पाहिला.
ताजीच होती.

इट्टूप दाढीला आला. हल्ली मिशीही काढून टाकतो.
"जिबिनचं चित्र पाहिलंस म्हणे. मिशी कशी ठेवलीये?"
"साधी."
"आणि व्रण?"
"नाही."
तो आरशातून माझ्याकडे बघत राहिला.
"मग लोकांना कळतं कसं?"

मी त्याच्या हनुवटीला फेस लावत होतो.
लावतच होतो.