नग एक

लिएपायाच्या बंदरात, चौथ्या गोदामात,
जडवस्तूंच्या नोंदवहीत, पान सत्तेचाळीस:
शिडी, लाकडी, नग दोन.
तराजू, दांडी वाकलेली, नग एक.
मांजर, करडे, नग एक.
किंमत तीन रूबल वीस कोपेक,
अपेक्षित आयुष्य दहा वर्षे,
घसारा सालीना बत्तीस कोपेक.

आम्ही तिला मिग्ला म्हणायचो. आमच्या भाषेत धुकं.
वहीत नावाला रकाना नव्हता.

मिग्ला व्याली तेव्हा
भांडारपाल स्काइद्रीते तीन रात्री झोपली नाही.
तूट आली तर चोरी म्हणतात,
वाढ आली तर काय म्हणायचं?
पाच नग, आणि आवक पावती एकाचीही नाही!
तपासनीस प्रोखोर साव्विच आले त्या दिवशी
पाचही नग आमच्या पाच कोटांच्या खिशांत होते
आणि म्याँव झालं रे झालं की
सगळं गोदाम एकदम खोकत होतं.

सातव्या हिवाळ्यात मिग्ला गेली.
जमीन लोखंडासारखी; कुदळीसाठी मागणीपत्र, तीन प्रतींत.
निर्लेखनाचा अर्ज महिन्याने परत आला:
शिल्लक मूल्य शहाण्णव कोपेक.
मुदतीआधी निकामी होण्याचं कारण द्या.
जबाबदार व्यक्तीचं नाव द्या.
वस्तू सोबत जोडा.

स्काइद्रीतेने त्या कागदाची घडी करून
डुगडुगत्या खुर्चीच्या पायाखाली सारली.
सरकारी कागद कामी आलेला
मी आयुष्यात तेवढाच पाहिला.

मग दर तपासणीआधी
मिग्लाच्या काळ्या बोक्याला आम्ही
पिठाच्या पोत्यात बुचकळून काढायचो.
काळ्यावर पीठ म्हणजे करडा.
तो शिंकायचा. प्रोखोर साव्विचही शिंकायचे.
क्षणभर एकमेकांकडे बघायचे दोघं,
आणि वहीत बरोबरची खूण व्हायची.
माणूस वाईट नव्हता.

अर्धा लिटर दूध रोज येत राहिलं.
पोच: स्काइद्रीतेची सही. ती गेल्यावर माझी.
बोकाही गेला. दूध येतच राहिलं.
मग तो देशच गेला.
कुणी निर्लेखनाचा अर्ज केला असेल
तर त्याची प्रत माझ्याकडे आलेली नाही.

नव्या सरकारची दाग्निया आली, कोऱ्या वह्या घेऊन.
शिड्या मोजल्या. तराजू मोजला.
"मांजर? हिशेबाने एकतीस वर्षांचं होतं."
मी खिडकीकडे बोट केलं.
समुद्रावरून करडं काहीतरी आत येत होतं,
एकेक क्रेन पुसत.

तिने बराच वेळ पाहिलं.
लिहिलं: नग एक. बरोबर.
पेनाला टोपण लावता लावता म्हणाली,
"आणि दुधाचं काय?"